छेदातली माणसं

रोज संध्याकाळी सहाला तक्ता भरते मी,
धडगावच्या कचेरीत, जिथे पंखा फिरतो तेव्हा कागद उडतात
आणि थांबतो तेव्हा मी.

वर अंश, खाली छेद.
वर ज्यांना टोचली ते.
खाली जे आहेत ते.
'जे आहेत' हा आकडा दहा वर्षांपूर्वीच्या शिरगणतीतला,
त्यावर वाढ धरून जिल्ह्यानं पाठवलेला.
आत कोण कोण आहे ते जिल्ह्याला ठाऊक नाही.
मला थोडं ठाऊक आहे.

नूरला पावरा आहे, तीन वर्षांमागे नदीच्या लोंढ्यात गेलेला.
सागमाळचे एकेचाळीस जण आहेत,
दिवाळीपासून बारडोलीकडे ऊस तोडणारे.
तिथल्या तक्त्यात ते नाहीत,
कारण ते इथे आहेत.

कुपीत दहा मात्रा.
उघडली की चार तास.
मार्च सरताना रेवंता वळवी निळी पेटी खांद्याला लावून
जांभळीपाड्याला पोचली, तेव्हा अकरा वाजले होते.
सात माणसं जमली.
सातांसाठी दहाची कुपी फोडायची का?
वाया गेलेलं माझ्या तक्त्यात लाल होतं.

तिथल्या मोहाच्या शेंड्यालाच काय ती रेंज.
एक पोरगा चढला. रेवंता खालून ओरडायची, तो वरून सांगायचा,
"ताई, सात लोक आहे. फोडू का म्हणते बाई."
मी म्हटलं, साहेबांना विचारते.
साहेब मीटिंगमध्ये होते.
मीटिंग टक्क्यांची होती.

दीडपर्यंत बसली ती माणसं मोहाखाली.
रुमलीबाई दोन डोंगर ओलांडून आलेली,
लुगड्याच्या गाठीत आधारकार्ड, घामानं ओलं.
मग शेळ्या पाण्यावर न्यायच्या म्हणून चौघं उठली.
तिघांसाठी विचारण्यासारखं काही उरलंच नाही.
पेटी बंद. वाया : शून्य.
त्या आठवड्यात 'शून्य वाया'त आमचा तालुका पहिला आला.
ग्रुपवर पेढ्यांचं चित्र.

मे महिन्यात गाड्या आल्या.
नाशिकच्या, धुळ्याच्या, एक तर थेट पुण्याची,
मोबाइलवर आमचं केंद्र धरून ठेवलेल्या.
सव्वातीन मिनिटांत सगळ्या वेळा संपायच्या,
तेवढ्यात पाड्यावरचा पोरगा अर्धा मोहही चढत नाही.
पोरं चांगली होती. 'थँक्यू ताई' म्हणाली,
रमजान तडवीला विचारून घाटातला धबधबा बघून गेली.
आमचा टक्का चढला.
अंशात नाशिक,
छेदात जांभळीपाडा.

रात्री दोंडाईच्याहून आईचा फोन.
"सुई लिधी का तू?"
लिधी, माय.
"मग मना नंबर कव्हय?"
मी, जिच्याकडे सगळ्या तालुक्याचे नंबर,
म्हटलं, बघते.

एका संध्याकाळी शेऱ्याच्या रकान्यात लिहिलं :
रुमलीबाई. दोन डोंगर. परत गेली.
सकाळी उत्तर आलं,
'शेरा नसल्यास निरंक लिहावे.'
निरंक लिहिलं.

रेवंताकडे मात्र एक वही आहे, शाळेची, दोनरेघी.
तिच्यात टक्के नाहीत.
तिच्यात आहे : गिंब्याची बायको घाबरते, नवऱ्यासमोर बोलू नये.
सायसिंग होळीला येईल म्हणाला, आला नाही.
या घरी आधी चहा घ्यावा.
नूरला, आणि पुढे एक आडवी रेघ.
माझ्या यंत्रात आडवी रेघ मारता येत नाही.

जूनमध्ये ती पुन्हा गेली जांभळीपाड्याला.
कुणाला झाडावर चढवलं नाही.
सहा टोचल्या, चार वाया.
रात्री कचेरीत येऊन कागद माझ्यापुढे ठेवला,
चपलेतला खडा काढत बसली.
मी विचारलं नाही. तीच म्हणाली,
"ती पुन्हा आली होती ना."

वाया : चाळीस टक्के.
रकाना आपोआप लाल झाला.
मी तो तसाच पाठवला.

रुमलीबाईच्या दंडावर आता एवढासा छेद असेल,
गोंदणाच्या हिरव्या ठिपक्यांत
शोधूनही न सापडणारा.